दोन मोकळ्या ओळी

पत्र खाकी पाकिटातून आलं आणि आधी तिच्याच हातात पडलं. पडणारच होतं. कार्यालयात येणारा कुठलाही कागद, मग तो तक्रारीचा असो, बदलीचा असो, नाहीतर मरून दोन वर्षं झालेल्या माणसाच्या नावाने आलेलं स्मरणपत्र असो, सगळ्यात आधी तिच्या टेबलावर यायचा. ती आवक लिपिक. कागद घ्यायचा, त्यावर तारखेचा शिक्का मारायचा, जाडजूड नोंदवहीत क्रमांक घालून लिहायचा आणि ज्याचा त्याच्याकडे रवाना करायचा. पावणेचार वर्षं ती हेच करत होती. हात आपोआप चालायचे. डोकं मात्र आधी पाळणाघरात असायचं, आता बालवाडीत.

हे पत्र न्यायाधिकरणाचं होतं. पदोन्नतीच्या दाव्यात येत्या गुरुवारी कार्यालयाने तीन वर्षांपूर्वीची मूळ आवक नोंदवही हजर करावी, असं त्यात लिहिलं होतं. एवढंच असतं तर तिने पुढचं पाकीट उचललं असतं. पण वाक्य तिथे संपत नव्हतं. पुढे होतं, 'संबंधित लिपिकासह.'

तिने शिक्का मारला.

"अगं, तारीख डोक्यावर उभी केलीस की!" शेजारच्या टेबलावरची टंकलेखक म्हणाली. "झोप झाली नाही वाटतं? पोरगी जागवते अजून?"

"हो ना," ती हसून म्हणाली, आणि आपलं हसणं आपल्यालाच खोटं ऐकू आलं म्हणून तिने मान खाली घातली.

दावा करणारा माणूस तीन टेबलं सोडून बसला होता. पेन्सिलीला टोक काढत होता. त्याला सगळे पोचकाका म्हणायचे. चौतीस वर्षांच्या नोकरीत या माणसाने कुणालाही एकही कागद पोच घेतल्याशिवाय दिला नव्हता. कागद दिला की दुसऱ्या प्रतीवर समोरच्याची सही, तारीख, वेळ. टाचणयंत्र उसनं दिलं तरी चिठ्ठी लिहून घ्यायचे. मुलीला सासरी पाठवताना काकांनी जावयाकडून पोच घेतली, असं कार्यालयात कुणीतरी उठवलं होतं. काकांना ते कळल्यावर ते शांतपणे म्हणाले होते, "घेतली तर. फाइलला लावलीय."

त्याच काकांनी आयुष्यात एकदाच पोच घेतली नव्हती. तिच्याकडून.

त्या दिवशी चौदा तारीख होती, गुरुवार. तिला नोकरीला लागून आठ महिने झाले होते आणि छोटी अकरा महिन्यांची होती. महिनाभरापूर्वी काकांच्या हातात त्यांच्या गोपनीय अहवालातला शेरा पडला होता: 'काम संथ. पदोन्नतीस तूर्त योग्य नाही.' अशा शेऱ्याविरुद्ध म्हणणं मांडायला तीस दिवस मिळतात. काकांनी तीसच्या तीस दिवस लावून चार पानी अर्ज लिहिला होता, स्वच्छ, एकही खाडाखोड नसलेला. संथ म्हणणाऱ्याला तेवढंच निमित्त! पावणेचारला ते अर्ज घेऊन तिच्या टेबलाशी आले आणि त्याच मिनिटाला तिचा फोन वाजला. पाळणाघरातल्या बाईंचा आवाज ओळखू येत नव्हता. पोरीला ताप चढलाय, डोळे फिरवतेय, आकडी आल्यासारखी करतेय, तुम्ही निघा.

ती उठली. पर्स कुठेय, चावी कुठेय, काही सुधरत नव्हतं. काका दुसरी प्रत पुढे धरून उभे होते. तिने सहीसाठी पेन उचललं तर ते हातातून निसटून टेबलाखाली गेलं.

"राहू दे पोच," काका म्हणाले. "उद्या दे. तू पळ आधी."

तिने अर्ज खणात टाकला, कुलूप लावलं आणि पळाली. पुढचे चार दिवस दवाखान्यात गेले. छोटी वाचली. आकडी पुन्हा आली नाही. पण तेव्हापासून पोरीच्या कपाळाला हात लावून बघायची जी खोड तिला लागली ती गेली नाही. अजून दिवसातून दहादा बघायची, पोरगी खिदळत असली तरी.

मंगळवारी, एकोणीस तारखेला, ती कामावर आली, खण उघडला आणि अर्ज दिसला.

आता त्या कार्यालयाची एक पद्धत होती. तिच्या आधी त्या टेबलावर बसणाऱ्या बाईंनी पहिल्याच आठवड्यात ती शिकवली होती. "दिवस संपला की रेघ मारायची नाही. खाली दोन ओळी मोकळ्या सोडायच्या. वरून कुणाचा कधी फोन येईल सांगता येत नाही. अमक्याचा कागद तमक्या तारखेला आला असं दाखवा, म्हणतात. मग कुठे घालणार? शेवटचा क्रमांक दोनशे बारा असेल, तर त्या ओळीत दोनशे बारा अ. समजलं? पण आपल्या मनाने नाही हं. साहेबांनी सांगितलं तरच."

चौदा तारखेच्या खाली दोन ओळी मोकळ्या होत्या. तिच्या रजेत बदली बसलेल्या लिपिकानेही त्या तशाच सोडल्या होत्या, रिवाजाप्रमाणे. ती त्या ओळींकडे बराच वेळ बघत राहिली. नोकरी कच्ची होती. साहेबांनी सांगितलं नव्हतं. साहेबांना जाऊन सांगायचं, तर आपण न विचारता पावणेचारला निघून गेलो तेही सांगावं लागणार. तिला भीती वाटली, आणि भीतीपोटी तिने सरळ, प्रामाणिक मार्ग धरला. अर्जावर एकोणीस तारखेचा शिक्का मारला आणि एकोणीस तारखेखाली नोंद केली. पाच दिवसांनी काय बिघडतंय, असं वाटलं तिला.

बिघडायचं ते बिघडलं. काकांच्या अर्जावर कुणीतरी एका शब्दात शेरा मारला, 'मुदतबाह्य.' अर्ज वाचलाच गेला नाही. तो वाईट शेरा जिथल्या तिथे राहिला आणि सात महिन्यांनी पदोन्नतीची यादी लागली तेव्हा काकांचं नाव वगळून खालची नावं वर गेली. त्यांच्या शेजारच्या टेबलावर बसणारा, त्यांनी हाताला धरून टिपणी लिहायला शिकवलेला माणूस अधीक्षक झाला. त्याला सगळे छोटेसाहेब म्हणू लागले. काका न्यायाधिकरणात गेले. तारखा पडत राहिल्या. आता काकांच्या निवृत्तीला चार महिने उरले होते.

आणि या तीन वर्षांत काका तिला एका शब्दाने बोलले नव्हते. दाव्यातही त्यांनी एवढंच लिहिलं होतं, 'अर्ज दिनांक चौदा रोजी कार्यालयात सादर केला.' कुणाकडे, ते लिहिलं नव्हतं. तिला ते बरं वाटायला हवं होतं. पण न बोलणाऱ्या माणसाची जेवढी भीती वाटते तेवढी ओरडणाऱ्याची वाटत नाही. रोज सकाळी काका आत येताना तिच्याकडे बघून मान हलवायचे आणि रोज तिला वाटायचं, आज सांगतील. आज नाव घेतील.

दुपारी छोटेसाहेबांनी तिला आत बोलावलं. पत्र त्यांच्यापुढे पडलं होतं, उलट्या शिक्क्यासकट.

"बसा ताई. चहा घेणार?"

चहा विचारला म्हणजे काम मोठं असणार. ती खुर्चीच्या कडेवर बसली.

"तुम्हाला काही आठवत नसेल ना? तीन वर्षं झाली. कोणाला आठवतं हो? मला काल काय खाल्लं ते आठवत नाही." ते हसले. "नोंदवहीत एकोणीस आहे, अर्जावर शिक्का एकोणीसचा आहे. विषय संपला. फक्त एक करा. वहीत त्या मोकळ्या ओळी आहेत ना, त्या न्यायाधिकरणाच्या डोळ्यांवर येतील. उगाच विचारतील, या कशाला? त्या महिन्याच्या सगळ्या ओळींवर लाल पेनने आडवी रेघ मारून टाका. नियमाप्रमाणे तशी मारायचीच असते. आपण आळसाने मारली नाही, एवढंच."

"आत्ता मारू?"

"आत्ता नाही तर काय, तिथे जाऊन मारणार?" मग त्यांनी टेबलावरची एक फाइल किंचित सरकवली. पिवळं मुखपृष्ठ, वर तिचं नाव. "तुमचा अहवाल लिहायला घेतलाय. यंदा वरिष्ठ लिपिकाच्या यादीत तुमचं नाव येतंय, माहितीये ना? चांगलंच लिहिणार आहे मी. काम चोख आहे तुमचं."

त्यांचा आवाज एकदम उतरला.

"हे बघा ताई. तो माणूस वाईट नाही, मला मान्य आहे. मला त्यानेच शिकवलंय. पण तो जिंकला तर मला या खुर्चीतून उठावं लागेल. मलाही पोरं आहेत. तुम्हाला एक आहे, मला दोन आहेत."

ते घाबरले होते. हे तिला त्यांच्या धमकीपेक्षा जास्त लागलं. घाबरलेला माणूस काय करील ते तिला स्वतःवरून माहीत होतं.

घरी आली तेव्हा नवरा स्वयंपाकघरात फरशी पुसत होता आणि छोटी टेबलाखाली शिरून आपल्या बाहुलीला शिक्के मारत होती. तिने वाकून आधी कपाळाला हात लावला. गार होतं.

"आई, मी बरी आहे," छोटी वैतागून म्हणाली. चार वर्षांची झाली नव्हती अजून, पण हे वाक्य तिला पाठ झालं होतं.

नवऱ्याने सगळं ऐकून घेतलं. तो यंत्रं दुरुस्त करायचा, कंत्राटावर. कंत्राट दर सहा महिन्यांनी संपायचं, कधी पुन्हा मिळायचं, कधी नाही. घरात पक्की नोकरी एकटीची. हे दोघंही कधी बोलायचे नाहीत, पण ते घरात असायचं, भिंतीतल्या ओलीसारखं.

"ते स्वतः नाव घेत नाहीत ना तुझं?" तो म्हणाला.

"नाही."

"मग तू का घेतेस? तू चोरी केलीस का? पोरगी मरत होती."

"पण अर्ज चौदालाच दिला होता त्यांनी. मला माहितीये. जगात फक्त आम्हा दोघांना माहितीये."

"तू बोललीस तर काय होईल?"

"खोटी नोंद केली म्हणतील. कर्तव्यात कसूर. न विचारता टेबल सोडलं. चौकशी लावतील. यादीतून नाव जाईल. कदाचित..."

"आणि नाही बोललीस तर?"

"तर काही नाही."

"मग?" तो फडकं पिळत म्हणाला. चिडला नव्हता तो. त्याला खरंच कळत नव्हतं. थोड्या वेळाने म्हणाला, "मी तुला सांगणार नाही काय करायचं ते. पण मला भीती वाटते, एवढं सांगतो."

दुसऱ्या दिवशी जेवणाच्या सुट्टीत, सगळे डबे उघडून बसले असताना, ती अभिलेख कक्षात गेली. कक्ष कसला, खिडकी नसलेली खोली. लोखंडी मांडण्या, जुन्या कागदाचा नाकात बसणारा वास, फरशीवर वाळवीसाठी टाकलेली पांढरी पावडर. तिने वही काढली आणि एक तारखेपासून लाल रेघा मारायला सुरुवात केली. एक, दोन, तीन. पट्टी धरायची, रेघ मारायची, पान उलटायचं. काही दिवसांच्या त्या दोन ओळी भरलेल्याही होत्या. एकशे चाळीस अ. एकशे सत्याऐंशी अ. हस्ताक्षर तिचंच, शाई वेगळी. हा कागद कुणाच्या फोनवरून घातला ते तिला आठवत होतं. हा कुणाच्या, तेही. नोंदवही नव्हतीच ती. सगळ्या कार्यालयाच्या गळ्यातला फास होता आणि दोरी तिच्या हातात होती.

चौदा तारखेचं पान आलं. दोनशे बारा. खाली दोन ओळी, कोऱ्या.

तिने लाल पेन खाली ठेवलं आणि निळं उचललं.

दोनशे बारा अ. एवढंच लिहायचं. दिवसचे दिवस लोकांच्या सोयीसाठी लिहिलं, एकदा खऱ्यासाठी लिहू. कोणाचं काय जातं? काका जिंकतील. ती कुठेच येणार नाही. पेनाचं टोक कागदावर टेकणार, एवढ्यात दार करकरलं.

"काय करतेस गं?"

पोचकाका होते. हातात त्यांचा डबा. ते रोज इथेच जेवायचे, एकटे, हे ती विसरली होती.

काकांनी चष्मा कपाळावर सरकवला, वही बघितली, तिचं पेन बघितलं.

"त्या ओळीत माझं नाव नको," ते म्हणाले.

"काका, पण तुम्ही दिला होता ना त्या दिवशी!"

"दिला होता. म्हणूनच नको. तू आज तिथे लिहिलंस की ते खोटं झालं. खऱ्याचं खोटं करून कशाला लिहितेस?" ते मांडणीला टेकले. "आणि अर्जावर शिक्का एकोणीसचा आहे. तो काय, थुंकी लावून पुसणार? तुम्हा आजकालच्या मुलांना खोटंसुद्धा नीट करता येत नाही."

तिला हसू आलं आणि रडूही, आणि दोन्ही एकदम आल्यामुळे भलताच आवाज निघाला.

"मग माझं नाव का नाही घेत?" ती म्हणाली. "तीन वर्षं मी रोज मरतेय. घ्या ना एकदाचं!"

काका डब्याचं झाकण उगाच घट्ट करत म्हणाले, "माझा वकील दर तारखेला विचारतो. कुणाकडे दिलात? पोच कुठेय? काय सांगू त्याला? चौतीस वर्षं ज्याने अख्ख्या खात्याला पोच घ्यायला लावली, त्यानेच घेतली नाही? भरल्या कोर्टात? लोक पोट धरधरून हसतील." मग ते म्हणाले, "आणि त्या दिवशी तुझा चेहरा बघितला होता मी. माझी मधली मुलगी तापातच गेली. तुझं नाव घेऊन मला काय त्या खुर्चीत बसवेल?"

ते तिथे जेवले नाहीत. डबा घेऊन परत गेले.

तिने निळं पेन बंद केलं. लालही उचलवेना. चौदाचं पान तसंच ठेवून तिने पंधरापासून पुढे रेघा मारल्या, महिना संपेपर्यंत. पुन्हा चौदावर येऊ, असं मनात म्हणत राहिली. आली नाही.

गुरुवारी छोटेसाहेबांच्या गाडीतून ती न्यायाधिकरणात गेली. वही जुन्या कापडात बांधून मांडीवर. वाटभर ते सूचना देत होते. विचारलं तेवढंच बोला. आठवत नाही हे उत्तर असतं, लाज वाटायचं कारण नाही. तिने खिडकीतून बाहेर बघत फोन काढला आणि बालवाडीला लावला. हो, ठीक आहे छोटी. चित्र काढतेय. दहा मिनिटांनी तिने पुन्हा लावला.

दालन लहानसंच होतं. चौथऱ्यावर लांब टेबल, त्यामागे दोन सदस्य, खाली टंकलेखक. बाकांवर बसलेले बहुतेक जण काकांच्याच वयाचे होते, मांडीवर फाइली घेऊन, दवाखान्यात नंबर लावून बसल्यासारखे. यातल्या कितीजणांच्या नोकऱ्या संपून गेल्या असतील आणि दावे चालूच असतील, असं तिच्या मनात आलं.

त्यांचा पुकारा झाला. सरकारी वकिलांनी दोन मिनिटांत म्हणणं संपवलं. अर्ज मुदतीनंतर आला, शिक्का बघावा, नोंद बघावी. काकांचा वकील, तरुण पोरगा, 'अशिलाचं म्हणणं असं आहे की' याच्या पुढे जाईना. काका मागे उभे होते, हात बांधून, शाळेत उभं केल्यासारखे.

वही वर गेली. मोठे सदस्य पान उलटत राहिले. एक, दोन, पाच. मग थांबले. चष्मा काढून पुसला, पुन्हा लावला.

"ही वही कोण ठेवतं?"

ती उभी राहिली.

"मी, साहेब."

"निळी शाई तीन वर्षांत विटून गेलीय. या लाल रेघा मात्र काल मारल्यासारख्या दिसतायत. कधी मारल्या?"

छोटेसाहेबांनी तिच्याकडे बघितलं नाही. ते समोर बघत होते आणि त्यांच्या कानशिलावरून घाम उतरत होता.

आठवत नाही, हे उत्तर असतं.

"परवा," ती म्हणाली.

"परवा! कोणाच्या सांगण्यावरून?"

तिची नजर नकळत वळली. बोट दाखवावं लागलं नाही. सदस्यांनी ते बघितलं आणि टंकलेखकाकडे मान हलवली. कळा खडखडल्या.

"आणि चौदा तारखेची तेवढी सोडलीत. ती का?"

एक दार असतं, जे उघडेपर्यंत माणसाला वाटतं आपण अजून बाहेरच राहू शकतो. तिने छोटीचं कपाळ आठवलं, तापलेलं, आणि पळत जिने उतरतानाचा आपला श्वास. मग तिला काकांचा पुढे केलेला हात आठवला, दुसरी प्रत धरलेला. तो हात तेव्हाच मागे गेला होता. तिच्यासाठी.

"कारण त्या ओळीत यायला हवा होता तो कागद चौदालाच आला होता," ती म्हणाली. "पावणेचारला. माझ्या हातात दिला त्यांनी. मी खणात ठेवला आणि मुलगी आजारी म्हणून निघून गेले, कुणाला न सांगता. एकोणीसला आले, तेव्हा एकोणीसची नोंद केली. पोच मी दिली नाही. ते मागत होते."

"तीन वर्षं हे का सांगितलं नाहीत?"

"घाबरले होते."

"आणि आता?"

"आताही घाबरलेच आहे," ती म्हणाली, आणि बाकावरचं कुणीतरी हसलं, पण चेष्टेने नाही.

पुढचं सगळं भराभर झालं. तिचं म्हणणं टंकलिखित होऊन आलं, तिने सही केली. सही वाकडी आली. काकांचा अर्ज मुदतीत आला असं धरून कार्यालयाने चार आठवड्यांत त्यावर निर्णय द्यावा, असं सदस्यांनी सांगितलं. तिला वाटलं, संपलं. तेवढ्यात त्यांनी पुन्हा वही उघडली.

"आणि या 'अ' क्रमांकाच्या नोंदी. एकशे चाळीस अ, एकशे सत्याऐंशी अ. यांची स्वतंत्र चौकशी व्हायला हवी. वही इथेच राहील. बाई, प्रत्येक पानावर सही करा."

याचा विचार तिने केला नव्हता. आपली एक चूक सांगायची, एवढंच मनात होतं. ती खाली टंकलेखकाच्या बाजूला बसून पानापानावर सही करत गेली आणि प्रत्येक पानावर कुणाचं तरी नाव होतं. निवृत्त झालेले, बदलून गेलेले, शेजारच्या टेबलावर बसणारे. एका ओळीत कार्यालयातल्या टंकलेखक मैत्रिणीच्या भावाचा अर्ज होता. तिनेच घातलेला, साहेबांच्या एका शब्दावर, मागच्या तारखेने, चहा पिता पिता. तिच्या हाताखालून सगळं कार्यालय एक एक पान करून न्यायाधिकरणाच्या कपाटात जात होतं.

बाहेर आली तेव्हा छोटेसाहेबांची गाडी निघून गेली होती. त्यांचा निरोप फोनवर होता: उद्या दहा वाजता भेटा. बाकी काही नाही. तिने तो दोनदा वाचला. मग नवऱ्याला फोन लावला.

"बोललीस?"

"हो."

पलीकडे बराच वेळ यंत्राची घरघर ऐकू येत राहिली.

"छोटीला मी आणतो आज," तो शेवटी म्हणाला. "तू ये सावकाश."

बसथांब्यावर पोचकाका उभे होते. तिला वाटलं ते काहीतरी म्हणतील. आभार, नाहीतर राग. ते रस्त्याकडे बघत होते. ती त्यांच्या शेजारी जाऊन उभी राहिली.

"सगळ्यांची नावं गेली, काका. मैत्रिणीच्या भावाचं पण."

"बघितलं मी."

"उद्या त्यांच्यात जाऊन कशी बसू?"

"मी कसा बसू ते सांग आधी," काका म्हणाले. "कालपर्यंत माझी कीव करायचे. उद्या माझ्यापायी चौकशी लागली म्हणतील. आणि त्या पोराला उठवून त्याच्या खुर्चीत बसायचं, तेही चार महिन्यांसाठी. शिकवलंय गं मी त्याला." त्यांनी खिशातून रुमाल काढला आणि न वापरताच परत ठेवला. "रात्री झोप यायची नाही मला."

"मलाही."

"मग ठीक आहे," ते म्हणाले, जणू त्यातलं निम्मं काम कुणीतरी वाटून घेतलं होतं.

बस आली. दोघांना पुरेल एवढी जागा नव्हती. काका दांडीला धरून उभे राहिले आणि तिला म्हणाले, "तू बस." ती बसली नाही. दोघंही तशीच उभी राहिली, प्रत्येक थांब्यावर उघडणाऱ्या दाराकडे बघत, ओळखीचं कुणी चढतंय का ते.